नैवेद्याआधीचे गाणे

देवाला नैवेद्य दाखविण्यापूर्वी डब्यातून पळविलेल्या चकलीची चव ज्याला ठाऊक नाही, असा माणूस महाराष्ट्रात सापडणे कठीण. तीच चकली नरकचतुर्दशीच्या सकाळी, अभ्यंगस्नान उरकल्यावर, ताटलीत रीतसर पुढे येते. तेव्हाही ती खमंग असते, कुरकुरीत असते. पण आदल्या दिवशी दुपारी, स्वयंपाकघरातली माणसे घटकाभर पडली असताना, झाकणाचा आवाज होऊ न देता उचललेल्या चकलीपुढे तिची काय मातब्बरी! भाजणी एकच, सोऱ्या एकच, कढई एकच. मग फरक कशात? फरक इतकाच की, एक आपल्याला दिलेली असते आणि दुसरी आपण घेतलेली असते.

गाण्याच्या मुलखातही अशा चकल्या असतात, हे मला वयाच्या ७८ व्या वर्षी माझ्या नातवाने शिकविले.

माझे चिरंजीव बरीच वर्षे अमेरिकेत, जॉर्जिया राज्यातल्या अटलांटा शहराच्या उत्तरेला एका उपनगरात राहतात. गेल्या वर्षी चार महिने मी त्यांच्याकडे होतो. नातू सतरा वर्षांचा. त्याचे मराठी कामापुरते, आणि माझे इंग्रजी बँकेच्या पत्रव्यवहारातले. त्यामुळे आमचे संभाषण पोस्टकार्डाएवढेच. “जेवलास?” “हो.” “अभ्यास?” “झाला.” आजोबा-नातवंडांच्या गोष्टी म्हणून पुस्तकांत जे लिहिलेले असते, त्यातले आमच्या घरी काही घडत नव्हते. मुलगा सालस होता, मला पाहून कानातली बोंडे काढून ठेवीत असे. पण बोंडे काढल्यावर बोलायचे काय, हा प्रश्न त्यालाही होता आणि मलाही होता.

एके दिवशी संध्याकाळी त्याच्या खोलीवरून जाताना माझे पाय थबकले. आतून एक घुमारा येत होता. दाराची मूठ बारीक थरथरत होती. मी पस्तीस वर्षे तबला वाजविला. पोटासाठी नव्हे, पोटासाठी सांगलीच्या एका बँकेत खर्डेघाशी केली. तबला वाजविला तो पत्नीच्या रियाजासाठी. तिला ठेका धरणारे माणूस हवे होते आणि घरात दुसरे कोणी नव्हते, एवढीच माझी योग्यता. पण इतकी वर्षे हाताखाली चामडे असले की काही गोष्टी कानाच्या आधी मनगटाला कळतात. डग्ग्यावर थाप देऊन मनगट पुढे रेटले की नाद वाकतो, चढतो, घुमत घुमत विरतो. आम्ही त्याला घिस्सा म्हणतो. त्या बंद दारामागे कोणीतरी घिस्सा काढीत होते, आणि तो माझ्यापेक्षा लांब टिकत होता!

मी दार ठोठावले.

“आवाज कमी करू का, आजोबा?”

“कमी नको. डग्गा कोण वाजवतोय ते सांग.”

“डग्गा नाही, आजोबा. ते एट-ओ-एट आहे.”

“बरं, मग गाणं कधीचं आहे? नवीन आलंय का?”

“आलंच नाही.”

“आलं नाही म्हणजे? वाजतंय ना?”

“वाजतंय. पण आलेलं नाही.”

न जन्मलेल्या मुलाच्या बारशाला घुगऱ्या खाव्यात तसे हे झाले. मी त्याच्या पलंगावर बैठक मारली आणि म्हटले, “आता नीट सांग.” त्या दिवशी आम्ही दोघे दीड तास बोललो. पोस्टकार्डाचे पाकीट झाले.

त्या गाण्याचे नाव ‘पिसी पॅम्पर’. त्याचे मराठी करायचे तर ओले दुपटे असेच काहीसे करावे लागेल. श्रोत्यांनी त्याला ‘किड कुडी’ असेही एक टोपणनाव दिले आहे. गाणारे दोघे, यंग न्यूडी आणि प्लेबॉय कार्टी. दोघेही अटलांटाचे. कार्टी हा पुरुष आहे, हे मला दोनदा विचारून घ्यावे लागले. आपल्याकडे आई ज्या शब्दाने लेकीला हाक मारते, तो शब्द मिरवीत हा गडी लाखोंच्या सभा जिंकतो, याची मला मोठी मौज वाटली. संगीत रचणारा पिएर बोर्न. गाण्याची जात ‘ट्रॅप’, आणि त्यातही मोजके, काटकसरीचे ट्रॅप.

ही काटकसर समजून घेण्यासारखी आहे. आपल्या दिवाळी अंकाच्या वाचकांपैकी पुष्कळांच्या घरी असली गाणी बंद दारामागे वाजत असतील, म्हणून दोन शब्द सांगतो. ट्रॅपच्या तालात मुख्य बाब दुहेरी लयीची. वर झांजेसारखा एक पत्र्याचा आवाज चौगुनीत, कधी आठगुनीत तिरकिट करीत असतो. मध्येच त्याचा रेला सुटतो आणि तुटतो. खाली मात्र तो लांब घुमारा स्वस्थपणे, अर्ध्या चालीने पावले टाकीत असतो. टाळीसारखा आघात चार मात्रांत एकदाच, तिसरीवर. म्हणजे द्रुत आणि विलंबित एकाच वेळी चालू. उडत्या पाखराची सावली संथ पाण्यावरून जावी तसे. या दोहोंच्या मध्ये काय? तर जवळजवळ काहीच नाही. एक स्वरांचा तुकडा पुन्हा पुन्हा फिरत असतो, बस्स. अंतरा नाही, वाद्यमेळ नाही, चढत जाणारी लय नाही. तालात खाली असते ना, जिथे डग्गा मुका होतो? या मंडळींनी सबंध गाणेच खालीवर उभारले आहे.

आणि गाणारा त्या रिकाम्या जागेत काय करतो? शब्द ठेवतो. कार्टी हा शब्दांचा फार चिक्कू माणूस. दोन-तीन शब्द घ्यायचे, ते वळवून वळवून म्हणायचे, आणि ओळ संपली की मागून स्वतःच स्वतःला एखादा हुंकार द्यायचा. त्या काळात त्याने आवाजही उंच, बोबडा, लहान पोरासारखा लावला होता. त्याचे चाहते त्याला ‘बाळाचा आवाज’ म्हणतात. ज्याने तराणा ऐकला आहे, त्याला या गाण्याची भीती वाटण्याचे कारण नाही. ‘तन देरे ना’चा अर्थ आपण कधी विचारला होता?

तरीही मी नातवाला अर्थ विचारलाच. तो कानापर्यंत लाल झाला.

“अर्थ... तसा काही नाही, आजोबा.”

अर्थ होता, पण तो आजोबांना सांगण्यासारखा नव्हता. या जातीच्या गाण्यांत विषय ठरलेले असतात. हाती आलेला पैसा, अंगावरचे भारी कपडे, जिवाला जीव देणारे दोस्त, दबा धरून बसलेला वैरी, नशा आणि बंदूक. बायकांविषयी जी भाषा येते ती मला रुचली नाही, आणि तसे मी त्याला स्पष्ट सांगितले. त्यानेही मान हलविली. पण विषयांची ही यादी आली कुठून, हे त्याच्याकडून आणि पुढे वाचून मला कळले, तेव्हा त्या बोबड्या आवाजाकडे मी निराळ्या कानाने पाहू लागलो.

ट्रॅप म्हणजे सापळा. अटलांटाच्या बोलीत ज्या घरात अमली पदार्थांचा विक्रा चालतो, ते घर म्हणजे ट्रॅप. आत शिरणे सोपे, बाहेर पडणे कठीण. हा शब्द तिथल्या गाण्यांत १९९० नंतरच्या दशकातच आला होता. २००३ साली टी. आय. या गायकाने आपल्या गीतसंग्रहाला ‘ट्रॅप म्युझिक’ असे नावच दिले आणि एका गल्लीच्या शब्दाची जात झाली. त्या गल्लीमागे मोठा इतिहास आहे. १९८६ साली अमेरिकेने एक कायदा केला. कोकेनची पूड ५०० ग्रॅम जवळ सापडली तर कमीत कमी पाच वर्षे तुरुंगवास. पण त्याच कोकेनचे खडे, ज्यांना क्रॅक म्हणतात, ते अवघे ५ ग्रॅम सापडले तरी तितकीच शिक्षा. एकास शंभर! पूड श्रीमंतांच्या दिवाणखान्यात चाले आणि खडे गरीब काळ्या वस्त्यांत. २०१० साली हे प्रमाण एकास अठरावर आणले गेले. मधल्या चोवीस वर्षांत कितीक घरांतले बाप आणि भाऊ उचलले गेले, आणि त्या घरांत जी मुले वाढली, ती मुले ही गाणी गातात.

एका रविवारी नातवाने मला गाडीतून पूर्व अटलांटाला नेले. पोलिसांनी शहराचे जे विभाग पाडले आहेत, त्यांतला हा सहावा. तो आकडा इथल्या गायकांनी बिरुदासारखा मिरविला आहे. मला वाटले होते, काहीतरी भयाण दिसेल. दिसल्या त्या उंच झाडांच्या सावलीतल्या बैठ्या घरांच्या ओळी, पुढे ओसरी, ओसरीवर खुर्ची. मधूनच एखादे कोरे, महागडे, पांढरे घर. जुन्या वस्तीत पैसेवाले लोक शिरू लागले आहेत. एका ओसरीवर माझ्याच वयाचे एक काळे गृहस्थ बसले होते. त्यांनी हात वर केला, मीही केला. म्हाताऱ्या माणसांना ओळखीची गरज नसते. सापळा कुठे आहे, हे बाहेरून जाणाऱ्याला दिसत नाही. तो आत असणाऱ्यालाच ठाऊक असतो.

परत येताना गाडीत तेच गाणे लागले. अशी वस्ती मागे टाकून आलेला माणूस तिची लांबलचक वर्णने का करीत नाही, दोन-तीन शब्दांत का आवरतो, हे मला थोडेसे उमगल्यासारखे झाले. सगळे सांगणे त्याला परवडणारे नसते. हे शब्दशः खरे आहे. यंग ठग नावाच्या अटलांटाच्याच एका नामवंत गायकावर २०२२ साली टोळीचा खटला भरला गेला, तेव्हा त्याच्या गाण्यांतल्या काही ओळी पुरावा म्हणून मांडायला न्यायाधीशांनी नोव्हेंबर २०२३ मध्ये संमती दिली. आपल्या लावणीकाराला किंवा नाटककाराला कोणी असे कोर्टात उभे केले असते तर? कवीचे ‘मी’ म्हणजे कवी नव्हे, हे आपण शाळेत शिकतो. तिथे मात्र त्या ‘मी’ला वकील द्यावा लागतो.

आता हे गाणे वाजते, पण आलेले नाही, ते कसे? ती कथा अशी. मे २०१९ मध्ये यंग न्यूडी आणि पिएर बोर्न यांचा एक संयुक्त गीतसंग्रह बाहेर पडला. त्यात हे गाणे यावे, अशी पोरांची आशा होती. ते आले नाही. पण त्याच सुमारास ते कुठून तरी फुटले. परीक्षेचा पेपर फुटतो तसे गाणेही फुटते. घराघरांतून ते वाजू लागले. मग कोण्या एका तिसऱ्याच इसमाने ते खोट्या नावाने, ‘किड कार्टी’ असा मथळा देऊन, स्पॉटिफाय या गाण्यांच्या मोठ्या पेढीवर चढविले, आणि अमेरिकेत सर्वांत झपाट्याने पसरणाऱ्या ५० गाण्यांच्या यादीत ते पहिले आले! गायकांचे नाव नाही, रचनाकाराचे नाव नाही, आणि गाणे मात्र शिखरावर. पुढे ते काढून टाकण्यात आले. चोरावर मोर म्हणतात तो हा प्रकार. फुटलेली गाणी विकत घेण्यासाठी पोरे वर्गणी काढतात, हेही नातवाने मला सांगितले. “तू दिलीस का रे?” मी विचारले. “नाही, आजोबा. मी फक्त ऐकतो,” तो म्हणाला. सगळे असेच म्हणतात.

पण घेणे-देणे याहून जुने आहे. त्या गाण्यात जो स्वरांचा तुकडा फिरत राहतो, तो पिएर बोर्नचा स्वतःचा नव्हे. तो आहे माई यामाने या जपानी गायिकेच्या १९८० सालच्या एका गाण्यातला. आणि तो घुमणारा डग्गा? ‘एट-ओ-एट’ हे मूळ रोलंड या जपानी कंपनीचे टीआर-८०८ नावाचे तालयंत्र. तेही १९८० चेच. त्याचे जनक इकुतारो काकेहाशी. खऱ्या ढोलासारखा आवाज यंत्रातून येत नव्हता, म्हणून ते फारसे खपले नाही. सुमारे १२ हजार नग निघाले आणि १९८३ साली ते बंद पडले. त्याची सळसळ ज्या ट्रान्झिस्टरांतून निघे, ते कारखान्याने सदोष ठरविलेले होते, मुद्दाम निवडून घेतलेले. ती सदोष जातच मिळेनाशी झाली. मग ही यंत्रे जुन्या बाजारात स्वस्तात मिळू लागली, आणि ज्यांना नवी घेणे परवडत नव्हते, त्या काळ्या पोरांनी ती उचलली. आज यंत्राची गरज राहिली नाही, त्याचा आवाज संगणकात भरून ठेवलेला असतो. जपानात ज्याला कोणी ढोल मानले नाही, तो अटलांटाचा डग्गा झाला.

यंत्राचा आवाज उचलला तर कोणी विचारीत नाही. कुणाच्या ध्वनिमुद्रणाचा तुकडा उचलला तर मात्र परवानगी लागते. न्यूयॉर्कच्या एका न्यायाधीशाने १९९१ साली असल्याच एका खटल्यात बायबलातल्या चोरीविरुद्धच्या आज्ञेने निकालाचा आरंभ केला, आणि तेव्हापासून अमेरिकेत या बाबतीत कोणी हयगय करीत नाही. म्हणजे पाहा, तुकडा जपानी बाईचा, त्यावर रचना पिएरची, आवाज न्यूडीचा आणि कार्टीचा, फोडणारा कोणी चौथा, खोट्या नावाने चढविणारा पाचवा, आणि पलंगावर बसून ऐकणारे सहावे-सातवे म्हणजे आम्ही आजे-नातू. यात गाणे कुणाचे?

माई यामानेच्या त्या गाण्याचे नाव ‘तासोगारे’. जपानीत त्याचा अर्थ तिन्हीसांज. पण शब्दाची फोड मोठी सुंदर आहे. मूळ बोल ‘तो कोण?’ असा. उजेड इतका मंदावलेला असतो की समोरून येणाऱ्याचा चेहरा ओळखू येत नाही आणि आपण विचारतो, कोण आहे? ती ही वेळ. खोट्या नावाने शिखरावर जाऊन बसलेल्या, धन्याचे नाव नसलेल्या गाण्याच्या पोटात हाच प्रश्न दडलेला असावा, याचे मला नवल वाटले. नातवाला मी हे समजावून सांगितले. तो बराच वेळ गप्प राहिला. मग म्हणाला, “आपल्याकडे त्या वेळेचं गाणं असतं का?”

“असतं. मारवा.”

“आहे तुमच्याकडे?”

आता मला माझ्या कपाटाविषयी सांगितले पाहिजे.

१९८४ साली आमच्या शेजारी एक टेप बाळगणारे स्नेही राहत. त्यांच्या घरी बसलो असताना पत्नी मारवा गायली. त्यांनी न सांगता बटण दाबले होते. दुसऱ्या दिवशी मोठ्या प्रेमाने त्यांनी ती साठ मिनिटांची कॅसेट आणून दिली. तिने ती एकदा ऐकली, पाकिटावर पेन्सिलीने काहीतरी लिहिले आणि मला म्हणाली, “हा अजून माझा झालेला नाही. कुणाला ऐकवू नका.” मारवा हा राग तसा अवघडच. पंचम वर्ज्य, आणि षड्ज असून नसल्यासारखा. गाणारा त्याच्या आजूबाजूला हिंडत राहतो, घरी येत नाही. तिने त्यानंतर तीस-पस्तीस वर्षे मारव्याचा रियाज केला, पण चारचौघांत तो पुन्हा गायली नाही. तिला जाऊन आता पाच वर्षे झाली. तिच्या आवाजाची तेवढीच एक खूण मागे आहे. ती कॅसेट मी प्रवासातही बरोबर नेतो.

चिरंजीवांच्या मनात होते की, ती संगणकावर उतरवून घ्यावी आणि आईच्या स्मृतिदिनी नात्यागोत्यातल्या सगळ्यांना, आणि जमले तर साऱ्या जगाला, ऐकवावी. त्यात त्याचे काय चुकले? आईचा आवाज मुलाला लपवून का ठेवावासा वाटेल? आमच्यात यावरून थोडी बोलाचालीही झाली होती. “बाबा, फीत सडून जाईल एक दिवस,” तो म्हणे. ते खोटे नव्हते. “तिने नको म्हटलं होतं,” मी म्हणे. तेही खोटे नव्हते. दोन खऱ्या गोष्टींच्या भांडणात न्याय करणे फार कठीण.

नातवाने हे सारे ऐकून घेतले. मग त्याने मला एकच प्रश्न विचारला.

“आजी नको म्हणाली होती. पण तुम्ही ऐकता?”

“ऐकतो.”

“मग ते लीक आहे, आजोबा.”

आम्ही दोघेही हसलो. पण मी मनाशी ठरवून टाकले होते की, याला उत्तर द्यायचे. मी त्याला म्हटले, “ती म्हणाली, कुणाला ऐकवू नका. मी ऐकू नये असं म्हणाली नाही. ठेका माझाच आहे त्यात.” त्याला हा मुद्दा पटला. तो म्हणाला की, गाण्याच्या खोलीत जे असतात, त्यांचे ते गाणे असतेच. बाहेर गेल्यावर मात्र विचारावे लागते. सतरा वर्षांच्या मुलाने न्यूयॉर्कच्या न्यायाधीशापेक्षा निकाल थोडक्यात दिला होता.

पुढे तो आणखीही एक बोलला, आणि ते मला फार मोलाचे वाटते. कार्टीचा एक संग्रह मे २०१८ मध्ये आला. त्यानंतरचा आला तो २५ डिसेंबर २०२० रोजी, आणि पुढचा थेट मार्च २०२५ मध्ये. दोहोंतही हे गाणे नाही. पोरे वाट पाहत होती बोबड्या आवाजाची, आणि तो मधल्या काळात निराळ्याच, खरखरीत आवाजाकडे निघून गेला होता. “आम्ही अजून तिथंच आहोत, आजोबा. तो नाही,” नातू म्हणाला. फुटलेल्या गाण्याचे हेच दुःख असावे. कलावंताने जे पायरीवर ठेवले होते, तेच आपण गाभारा समजून बसतो. तो आपल्या वाटेने पुढे जातो, आणि आपल्याजवळ उरतो तो त्याचा एक मुक्काम.

आपल्याकडे हे जाणणारे लोक होते. अल्लादियाखाँसाहेब १९४६ साली गेले, भास्करबुवा बखले १९२२ साली. दोघांचीही तबकडी मागे नाही. त्यांचे गाणे आपल्याला मिळाले ते शिष्यांच्या गळ्यातून, म्हणजे त्यांनी ज्याला दिले त्याच्याकडून. हळहळ वाटते, मला तर फारच वाटते. एखाद्या शेजाऱ्याने न सांगता बटण दाबले असते तर, असा विचारही मनात येऊन जातो. पण मग वाटते, नाही म्हणण्याचा अधिकार हाही गाण्याचाच भाग आहे. जो कोणता स्वर लावायचा नाही हे ठरवितो, त्यालाच कोणते गाणे द्यायचे नाही हे ठरविता यावे. मारव्यातून पंचम गाळण्याबद्दल आपण कधी कोणाला जाब विचारतो का?

चिरंजीवांशी मग माझा तह झाला. कॅसेट संगणकावर उतरवायची, कारण फीत सडू देणे हे काही तिने सांगितले नव्हते. पण ती घराबाहेर जायची नाही. घरातले माणूस येईल, बसेल, ऐकेल. पाठवायचे कोणाला नाही. चिरंजीव प्रथम थोडे खट्टू झाले, मग त्यांनीच कुठून तरी जुने यंत्र पैदा केले. उतरवून झाल्यावर एका संध्याकाळी आम्ही चौघे, सूनबाईसुद्धा, बैठकीच्या खोलीत बसलो. बाहेर झाडांची पाने तांबूस झाली होती. नातवाने दिवा लावू नका म्हणून सांगितले. तीस मिनिटांनी पहिली बाजू संपली, तेव्हा आलाप कुठे स्थिरावतो न स्थिरावतो तोच फीत संपल्यामुळे तिचा स्वर मध्येच तुटला. चिरंजीव तोंड फिरवून खिडकीशी उभे राहिले. नातवाने मला हळूच विचारले, “आजोबा, डग्गा तुमचा का?” मी हो म्हटले. “चांगला आहे,” तो म्हणाला. इतक्या वर्षांत माझ्या डग्ग्याला मिळालेली ही दुसरी दाद. पहिली अर्थातच तिची होती, आणि तीही इतक्याच शब्दांची.

त्या दिवसानंतर तो मला त्याची गाणी ऐकवितो, आणि मी ऐकतो. इकडे परतल्यापासून दर रविवारी त्याचा फोन येतो. सगळीच गाणी मला आवडतात असे नाही. पण कुठल्या गाण्यात खाली कुठे आहे हे मी त्याला सांगतो, आणि कुठला शब्द कोणत्या गल्लीतून आला हे तो मला सांगतो.

वाचकहो, हा अंक आपल्या हाती पडेल तेव्हा आपल्या घरी साफसफाई आटोपली असेल. माळ्यावरून ट्रंका उतरल्या असतील, फडताळे झटकली गेली असतील. एखाद्या कोपऱ्यात आपल्याही घरच्या कोणाच्या आवाजाची जुनी फीत, किंवा त्यांच्या हातची न छापलेली वही सापडली असेल. ती जगाला दाखविण्याची आजकाल मोठी सोय झाली आहे, आणि प्रेमापोटी हात शिवशिवतोही. दाखवू नका असे मी म्हणणार नाही. तो ज्याच्या त्याच्या घरचा प्रश्न आहे. फक्त पाकिटावर पेन्सिलीने काही लिहिले असेल तर ते आधी वाचा. अक्षर पुसट झाले असले, तर दिव्याजवळ धरून वाचा.